भास्कराचार्य (द्वितीय)

भास्कराचार्य (जन्म: शके १०३६, इ.स. १११४) हे बाराव्या शतकातील भारतीय गणितज्ञ व ज्योतिर्विद होते. सातव्या शतकात होऊन गेलेल्या भास्कर नावाच्याच गणितज्ञापासून वेगळे ओळखता यावे म्हणून त्यांचा उल्लेख भास्कराचार्य द्वितीय किंवा दुसरे भास्कराचार्य असा केला जातो. सिद्धांतशिरोमणी हा त्यांचा प्रमुख ग्रंथ असून लीलावती, बीजगणित, ग्रहगणिताध्याय आणि गोलाध्याय असे त्याचे चार भाग आहेत. यांपैकी अंकगणितावरील लीलावती हा भाग भारतात अनेक शतके पाठ्यपुस्तक म्हणून वापरला गेला. अमुक वस्तूची किंमत अमुक, तर तमुक वस्तूंची किती, या प्रकारचे व्यवहारी प्रश्न सोडवण्याची त्रैराशिकाची रीत लीलावतीत विस्ताराने आली आहे. आज शाळेत शिकवली जाणारी एकमान पद्धत या रीतीच्याच कुळातील आहे.

कुळ आणि जन्मस्थान

भास्कराचार्यांनी आपल्या जन्माचे व ग्रंथरचनेचे वर्ष स्वतःच नोंदवले आहे. शके १०३६ मध्ये आपला जन्म झाला आणि वयाच्या छत्तिसाव्या वर्षी सिद्धांतशिरोमणी रचला, असे ते गोलाध्यायात सांगतात. त्यावरून ग्रंथाचे वर्ष शके १०७२, म्हणजे इ.स. ११५० ठरते. त्यांचे गोत्र शांडिल्य होते. वडील महेश्वर हे ज्योतिषशास्त्राचे जाणकार होते आणि तेच भास्कराचार्यांचे गुरूही होते.

सह्य पर्वताच्या परिसरातील विज्जडविड या नगरात आपले वास्तव्य असल्याचे त्यांनी लिहिले आहे. हे नगर नेमके कोणते, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. जळगाव जिल्ह्यातील चाळीसगावजवळचे पाटण, मराठवाड्यातील बीड आणि कर्नाटकातील विजापूर ही नावे त्या संदर्भात पुढे आली आहेत. पाटणच्या बाजूने असलेला सर्वांत भक्कम पुरावा म्हणजे त्यांच्या नातवाने तेथे कोरवलेला शिलालेख होय. हा लेख भास्कराचार्यांच्या वंशजांचा पाटणशी असलेला संबंध निश्चित करतो. मात्र त्यांचा जन्म तेथे झाला असे तो सांगत नाही.

भास्कराचार्य उज्जैनच्या वेधशाळेचे प्रमुख होते, असे विधान अनेक पुस्तकांत आढळते. त्यांच्या स्वतःच्या ग्रंथांत किंवा पाटणच्या शिलालेखात अशा पदाचा उल्लेख नाही. उज्जैनवरून जाणारे रेखावृत्त भारतीय ज्योतिषात मूळ रेखावृत्त मानले जात असे. त्यामुळे ज्योतिषग्रंथांत उज्जैनचे नाव वारंवार येते, एवढे मात्र निश्चित आहे.

ग्रंथरचना

सिद्धांतशिरोमणीवर भास्कराचार्यांनी वासनाभाष्य नावाची टीका स्वतःच लिहिली. नियम सांगून न थांबता तो का लागू पडतो याची उपपत्ती देणे, हे या टीकेचे वैशिष्ट्य आहे. आठव्या शतकातील ज्योतिर्विद लल्ल यांच्या शिष्यधीवृद्धिदतंत्र या ग्रंथावरही त्यांनी विवरण लिहिले. शके ११०५ म्हणजे इ.स. ११८३ मध्ये, वयाच्या एकोणसत्तराव्या वर्षी, त्यांनी करणकुतूहल हा पंचांगाच्या गणितासाठी उपयोगी असा आटोपशीर ग्रंथ रचला. त्यांच्या आयुष्यातील ही शेवटची निश्चित तारीख आहे.

हा काळ दख्खनच्या राजकारणात उलथापालथीचा होता. भास्कराचार्यांच्या तारुण्यात कल्याणीच्या चालुक्यांची सत्ता होती. पुढे ती खिळखिळी झाली, काही काळ कलचुरींचा अंमल आला आणि त्यांच्या उतारवयात देवगिरीचे यादव प्रबळ झाले. भास्कराचार्यांच्या मुलाला व नातवाला याच यादवांचा आश्रय मिळाला.

लीलावती

लीलावती हा पाटीगणिताचा, म्हणजे पाटीवर करावयाच्या अंकगणिताचा ग्रंथ आहे. त्याची रचना पद्यात असून नियमांच्या पाठोपाठ उदाहरणे दिली आहेत. बेरीज, वजाबाकी, गुणाकार, भागाकार, वर्ग, घन, मुळे, अपूर्णांक, शून्याचे गणित, त्रैराशिक, व्याज, मिश्रणे, श्रेढी, क्षेत्रमापन, सावलीचे गणित, कुट्टक आणि शेवटी अंकपाश म्हणजे अंकांच्या मांडण्या, असा त्याचा विस्तार आहे. वर्तुळाचा परीघ आणि व्यास यांच्या गुणोत्तरासाठी त्यात सूक्ष्म मान म्हणून ३९२७/१२५० आणि व्यवहारासाठी २२/७ ही दोन मूल्ये दिली आहेत.

बहुतेक उदाहरणे प्रश्नाच्या रूपात असून ती कोणाला तरी उद्देशून विचारलेली आहेत. कधी हरणासारखे डोळे असलेल्या मुलीला, कधी मित्राला, तर कधी वाण्याला प्रश्न केला जातो. हत्ती, मधमाश्या, मोर, साप, कमळे, बाजारातला माल आणि सोनाराचे सोने हे सारे या प्रश्नांत येते. नियम पाठ करणाऱ्या विद्यार्थ्याला त्याचा उपयोग कोठे होतो हेही त्याच वेळी कळावे, असा या मांडणीचा परिणाम होतो.

नाणी आणि मापे

ग्रंथाच्या आरंभीच भास्कराचार्य नाण्यांची व मापांची कोष्टके देतात. त्यानुसार २० वराटक म्हणजे कवड्यांची १ काकिणी, ४ काकिणींचा १ पण, १६ पणांचा १ द्रम्म आणि १६ द्रम्मांचा १ निष्क होतो. वजनासाठी ५ गुंजांचा १ मासा, १६ माशांचा १ कर्ष आणि ४ कर्षांचे १ पल, असे कोष्टक आहे. धान्यासाठी कुडव, प्रस्थ, आढक, द्रोण आणि खारी ही मापे दिली असून त्यांतील पहिल्या चार मापांत प्रत्येक वरचे माप खालच्याच्या चौपट, तर खारी १६ द्रोणांची आहे.

द्रम्म, पण आणि काकिणी यांचे परस्परप्रमाण जुन्या रुपया, आणा आणि पैसा यांच्या प्रमाणासारखेच आहे. जुन्या रुपयाचे १६ आणे आणि आण्याचे ४ पैसे होत असत; म्हणजे रुपयाचे ६४ पैसे, जसे द्रम्माच्या ६४ काकिणी. भारतात १ एप्रिल १९५७ रोजी दशमान नाणी सुरू होईपर्यंत शाळेतील मुलांना किमतींची उदाहरणे याच पटीत सोडवावी लागत. किंमत या अर्थाचा मराठीतील दाम हा शब्दही द्रम्म या शब्दापासून आला आहे.

त्रैराशिक

तीन ज्ञात राशींवरून चौथी अज्ञात राशी काढण्याच्या रीतीला त्रैराशिक म्हणतात. ही रीत भास्कराचार्यांची नव्हे. आर्यभटाने इ.स. ४९९ मधील आर्यभटीयात ती दिली आहे आणि ब्रह्मगुप्तानेही सातव्या शतकात ती मांडली आहे. भास्कराचार्यांनी तिला अंकगणिताच्या केंद्रस्थानी आणले. ज्याप्रमाणे विष्णू सर्व विश्व व्यापून आहे, त्याप्रमाणे त्रैराशिकाने सारे गणित व्यापले आहे, अशा आशयाचे विधान ते करतात. पंचराशिक, व्याज, मिश्रण, सावली आणि ग्रहगणितातील अनेक रीती त्यांच्या मते त्रैराशिकाचीच रूपे आहेत.

या रीतीत तीन संज्ञा येतात. ज्या मापाची किंमत ठाऊक आहे ते प्रमाण, ती किंमत म्हणजे फल आणि ज्या मापाची किंमत हवी आहे ती इच्छा. प्रमाण आणि इच्छा या एकाच जातीच्या राशी असल्याने त्या पहिल्या व शेवटच्या स्थानी मांडायच्या. वेगळ्या जातीचे फल मध्ये ठेवायचे. मग फलाला इच्छेने गुणून प्रमाणाने भागले की इच्छाफल मिळते. विद्यार्थ्याची चूक बहुधा भागाकारात होत नाही, कोणती राशी कोठे मांडायची यात होते. म्हणून जात ओळखणे ही या रीतीतील पहिली पायरी आहे.

लीलावतीतील केशराचे उदाहरण असे आहे: अडीच पल केशराला ३/७ निष्क पडतात, तर ९ निष्कांत किती केशर मिळेल? येथे विचारले आहे ते वजन, त्यामुळे प्रमाण आणि इच्छा दोन्ही नाण्यांच्या जातीचे आहेत आणि फल वजनाचे. अडीचला ९ ने गुणून साडेबावीस येतात. त्यांना ३/७ ने भागले की ५२½ पल, म्हणजे ५२ पल २ कर्ष हे उत्तर मिळते. घाईने वाचणारा विद्यार्थी ३/७ ला फल समजतो आणि तेथेच फसतो.

कापराचे उदाहरण अधिक कष्टाचे आहे. उत्तम कापराच्या ६३ पलांना १०४ निष्क पडतात, तर सव्वाबारा पलांना किती? १०४ ला १२¼ ने गुणून १२७४ येतात आणि ६३ ने भागल्यावर २० निष्क मिळून १४ उरतात. उरलेल्या १४ चे क्रमाने द्रम्म, पण, काकिणी आणि वराटक करत गेल्यास उत्तर २० निष्क, ३ द्रम्म, ८ पण, ३ काकिणी आणि ११ १/९ वराटक येते.

हेच उदाहरण आधी एका पलाची किंमत काढून सोडवता येते. तसे केल्यास एका पलाला १ निष्क, १० द्रम्म, ६ पण, २ काकिणी आणि ८ १६/६३ वराटक पडतात आणि मग या पाचही नाण्यांना सव्वाबाराने गुणावे लागते. उत्तर तेच येते. मात्र वाटेत अपूर्णांक वाढतात आणि एखाद्या पायरीवर किंमत पूर्णांकात घेतली तर चूक बारापट होते. आधी गुणून शेवटी एकदाच भागण्याच्या रीतीचा फायदा येथे दिसतो. एकमान पद्धतीचा फायदा वेगळा आहे: प्रत्येक पायरीला अर्थ असतो आणि एका नगाची किंमत हाती आल्याने दोन भावांची तुलना करता येते.

व्यस्त त्रैराशिक

इच्छा वाढली असता फल कमी होते, अशा ठिकाणी गुणाकार व भागाकार यांची जागा बदलावी लागते. याला व्यस्त त्रैराशिक म्हणतात. धान्याची रास ७ आढकांच्या मापाने मोजली तर १०० मापे भरतात, मग ५ आढकांच्या मापाने किती भरतील, असा प्रश्न लीलावतीत आहे. माप लहान झाले की मापांची संख्या वाढते. म्हणून १०० ला ७ ने गुणून ५ ने भागायचे. उत्तर १४० येते. बाजारात लहान माप वापरणारा दुकानदार मापांची संख्या तीच सांगून गिऱ्हाइकाला कमी माल कसा देऊ शकतो, हेही या उदाहरणावरून कळते.

याच प्रकरणात वयानुसार किंमत उतरण्याची उदाहरणे आहेत. दोन वर्षे जुंपलेल्या बैलाला ४ निष्क मिळतात, तर सहा वर्षे जुंपलेल्याला १ १/३ निष्क मिळेल, असा हिशेब त्यात आहे. त्याच्या जोडीला सोळा वर्षांच्या स्त्रीची किंमत ३२ धरून वीस वर्षांच्या स्त्रीची किंमत २५ ३/५ काढण्याचे उदाहरणही आहे. माणसांची खरेदी-विक्री हा त्या काळातील व्यवहाराचा भाग होता, हे त्यावरून दिसते. लीलावती हे जसे गणिताचे, तसेच बाराव्या शतकातील दख्खनच्या समाजजीवनाचेही साधन आहे आणि त्या जीवनातील क्रौर्याची नोंदही त्यात सहजपणे आली आहे.

पंचराशिक आणि विनिमय

तीनऐवजी पाच, सात किंवा नऊ राशी दिल्या असता वापरायच्या रीती लीलावतीत पुढे येतात. १०० ला एका महिन्यात ५ व्याज होते, तर १६ ला वर्षात किती, हे पंचराशिकाचे उदाहरण आहे. १६, १२ आणि ५ यांच्या गुणाकाराला १०० ने भागून ९ ३/५ हे उत्तर येते. यातील व्याजाचा दर महिन्याला शेकडा पाच, म्हणजे सरळव्याजाने वर्षाला शेकडा साठ आहे.

मालाच्या बदल्यात माल देण्याच्या व्यवहाराला भांडप्रतिभांड म्हटले आहे. एका द्रम्माला ३०० आंबे आणि एका पणाला ३० डाळिंबे मिळतात, तर १० आंब्यांच्या बदल्यात किती डाळिंबे यावीत? येथे भाव दोन निरनिराळ्या नाण्यांत दिले असल्याने आधी द्रम्माचे १६ पण करावे लागतात. दहा आंब्यांची किंमत १६/३० पण होते आणि तेवढ्यात १६ डाळिंबे येतात. दोन भावांची तुलना करण्यापूर्वी दोन्ही एकाच एककात आणले पाहिजेत, हा आजही शिकवावा लागणारा धडा या उदाहरणात आहे.

प्रवाशाचा प्रश्न

मिश्रव्यवहार या प्रकरणातील एक उदाहरण विशेष प्रसिद्ध आहे. एका द्रम्माला साडेतीन मान तांदूळ आणि एका द्रम्माला आठ मान मूग मिळतात. एक प्रवासी वाण्याच्या हातावर १३ काकिणी ठेवतो आणि दोन भाग तांदूळ व एक भाग मूग मागतो. तांडा पुढे निघून गेला आहे, लवकर जेवून त्याला गाठायचे आहे, त्यामुळे वाण्याने हिशेब चटकन करावा अशी त्याची विनंती आहे.

दोन मान तांदळाची किंमत ४/७ द्रम्म आणि एक मान मुगाची १/८ द्रम्म, म्हणजे दोन्ही मिळून ३९/५६ द्रम्म. प्रवाशाजवळ १३ काकिणी, म्हणजे १३/६४ द्रम्म आहेत. त्रैराशिकाने १३/६४ ला ३९/५६ ने भागले की ७/२४ येतात. म्हणून मूग ७/२४ मान आणि तांदूळ त्याच्या दुप्पट, म्हणजे ७/१२ मान द्यायचे. तांदळाचे १० २/३ काकिणी आणि मुगाचे २ १/३ काकिणी होतात. त्यांची बेरीज बरोबर १३ येते. उत्तर आल्यावर किमतींची बेरीज करून ते ताडून पाहता येते, हे या उदाहरणाचे शिकवण्याच्या दृष्टीने महत्त्व आहे.

बीजगणित आणि ज्योतिष

बीजगणितात भास्कराचार्यांनी वर्गप्रकृती या प्रकारच्या समीकरणांसाठी चक्रवाल रीत दिली. या रीतीचा उगम त्यांच्या आधीचे गणितज्ञ जयदेव यांच्यापर्यंत जातो. एका संख्येच्या वर्गाला ६१ ने गुणून १ मिळवल्यास पूर्ण वर्ग येईल अशी संख्या शोधण्याचा प्रश्न भास्कराचार्यांनी या रीतीने सोडवला. त्याचे सर्वांत लहान उत्तर २२६१५३९८० आणि १७६६३१९०४९ ही संख्यांची जोडी आहे. फ्रान्समध्ये पिएर द फर्मा यांनी १६५७ साली हाच प्रश्न इतर गणितज्ञांपुढे ठेवला होता.

शून्याने भागलेल्या राशीला त्यांनी खहर असे नाव देऊन ती अनंत मानली. अशा राशीला पुन्हा शून्याने गुणल्यास मूळ राशी परत मिळते, हा त्यांचा नियम मात्र आजच्या गणितात ग्राह्य नाही. ज्योतिषात ग्रहाची तात्कालिक गती, म्हणजे एखाद्या क्षणीची गती, काढण्याची त्यांची रीत कलनाच्या कल्पनेजवळ जाणारी मानली जाते.

लीलावतीची आख्यायिका

लीलावती ही भास्कराचार्यांची मुलगी होती, तिच्या विवाहाचा मुहूर्त घटिकापात्रात मोती पडल्याने चुकला आणि तिच्या सांत्वनासाठी त्यांनी हा ग्रंथ लिहिला, अशी कथा सर्वत्र सांगितली जाते. ही कथा अकबराच्या आज्ञेवरून फैजी यांनी १५८७ साली केलेल्या लीलावतीच्या फारसी भाषांतराच्या प्रस्तावनेत आढळते, म्हणजे ती ग्रंथानंतर चारशेहून अधिक वर्षांनी नोंदली गेली. ग्रंथातील संबोधने मुलीला उद्देशून आहेत. परंतु ती आपली कन्या असल्याचे भास्कराचार्य कोठेही सांगत नाहीत. कन्येच्या वैधव्याची किंवा अविवाहितपणाची कथा म्हणून ही आख्यायिका लोकप्रिय असली, तरी ती चरित्राचा पुरावा म्हणून घेता येत नाही.

पाटणचा मठ आणि शिलालेख

भास्कराचार्यांचा मुलगा लक्ष्मीधर याला यादव राजा जैत्रपाल याने पाटणहून नेऊन आपल्या दरबारात पंडितप्रमुख केले. लक्ष्मीधराचा मुलगा चांगदेव हा यादव राजा सिंघण याचा मुख्य ज्योतिषी होता. चांगदेवाने पाटण येथे आजोबांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी मठ स्थापन केला. सिद्धांतशिरोमणी व भास्कराचार्यांचे अन्य ग्रंथ तेथे शिकवले जावेत, हा त्यामागील उद्देश होता. स्थानिक निकुंभ घराण्यातील सोईदेव याने मठाला दिलेल्या दानाची नोंद शके ११२८ (इ.स. १२०७) च्या शिलालेखात आहे. त्रिविक्रमापासून चांगदेवापर्यंतची कुळाची वंशावळही याच लेखातून मिळते.

लेखाचा बहुतेक भाग संस्कृतात असून दानाचा तपशील जुन्या मराठीत आहे. दानाच्या अटी बाजारातल्या लोकांना कळाव्यात, हे त्याचे उघड कारण दिसते. पाटणच्या पेठेत विकायला येणाऱ्या मालावर गिऱ्हाइकांकडून राजाला मिळणारे उत्पन्न मठाला दिले आहे. प्रत्येक तेलघाण्यामागे एकेक पळी तेल मठाला द्यावे असे सांगितले आहे. गावात जे मोजले जाईल ते मठाच्या मापाने मोजावे आणि मापणीच्या उत्पन्नाचा अर्धा भाग मठाला, अर्धा मापाऱ्याला मिळावा, अशीही तरतूद आहे.

या तरतुदींचा अर्थ असा की त्रैराशिक शिकवणारी शाळा बाजाराच्या उत्पन्नावर चालत होती आणि बाजाराचे प्रमाण माप त्या शाळेच्या नावाचे होते. भावाचा कोणताही हिशेब मापाच्या विश्वासावर उभा असतो. लीलावतीत ५ आणि ७ आढकांच्या मापांमुळे पडणारा जो फरक पाटीवर मांडला आहे, तोच फरक पेठेत टाळण्याची व्यवस्था या शिलालेखात दिसते.

मुंबईतील डॉक्टर व प्राच्यविद्या अभ्यासक भाऊ दाजी लाड यांनी हा लेख पाटण येथील भवानीच्या पडक्या देवळात शोधला आणि १८६५ साली त्याची माहिती प्रसिद्ध केली. पुढे एफ. कीलहॉर्न यांनी त्याचे संपादन केले. पाटणचा परिसर आज पाटणादेवी या नावाने ओळखला जातो आणि गौताळा औट्रमघाट अभयारण्याला लागून आहे.

टीका आणि भाषांतरे

लीलावतीवर अनेक टीका झाल्या. कोकणातील नांदगावचे गणेश दैवज्ञ यांनी इ.स. १५४५ मध्ये लिहिलेली बुद्धिविलासिनी ही त्यांतील विशेष मान्यता पावलेली टीका असून तिच्यात नियमांच्या उपपत्ती दिल्या आहेत. शाहजहानच्या काळात अताउल्ला रशीदी यांनी बीजगणिताचे फारसी भाषांतर केले. लीलावतीचे जॉन टेलर यांनी केलेले इंग्रजी भाषांतर १८१६ साली मुंबईत छापले गेले. त्यानंतरच्या वर्षी लंडनमध्ये हेन्री टॉमस कोलब्रुक यांचे लीलावती व बीजगणित यांचे भाषांतर प्रसिद्ध झाले. मराठीत ना. ह. फडके यांचे लीलावती पुनर्दर्शन हे पुस्तक १९७१ साली प्रकाशित झाले.

शालेय गणितातील स्थान

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात जॉर्ज जर्विस यांनी मुंबईत मराठी शाळांसाठी गणिताची पुस्तके तयार केली. त्याआधी पंतोजींच्या शाळांत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी आणि दिडकी ही अपूर्णांकांची पाढे पाठ करून घेतली जात आणि भावाचे हिशेब तोंडी करवले जात. त्रैराशिक हा शब्द मराठी अंकगणिताच्या पुस्तकांत दीर्घकाळ टिकला. नाणी, वजने आणि मापे दशमान झाल्यावर एका नगाची किंमत काढणे सोपे झाले आणि एकमान पद्धत पुढे आली. महाराष्ट्रातील सहावीच्या पाठ्यपुस्तकात ती गुणोत्तर-प्रमाणाबरोबर येते आणि सातवीत समप्रमाण व व्यस्तप्रमाण शिकवले जाते. लीलावतीतील त्रैराशिक आणि व्यस्त त्रैराशिक यांचाच हा आजचा क्रम आहे.

रोजच्या व्यवहारात या गणिताची गरज कमी झालेली नाही. समजा, घाटकोपर किंवा बोरिवलीतील एखाद्या दुकानात तूरडाळीचे ७५० ग्रॅमचे पाकीट १२० रुपयांना आणि ५०० ग्रॅमचे पाकीट ८५ रुपयांना आहे. लहान पाकिटाला पैसे कमी पडतात, म्हणून ते स्वस्त वाटते. मात्र पहिल्याचा भाव किलोला १६० रुपये आणि दुसऱ्याचा १७० रुपये पडतो. आवेष्टित वस्तूंच्या वैध मापन नियमांत २०२१ साली केलेल्या दुरुस्तीने पाकिटावर एका एककाची विक्री किंमत छापण्याची तरतूद झाली, ती ग्राहकाला ही तुलना करता यावी यासाठीच.

सन्मान

भारताने ७ जून १९७९ रोजी सोडलेल्या उपग्रहाला भास्कर-१ आणि २० नोव्हेंबर १९८१ रोजी सोडलेल्या उपग्रहाला भास्कर-२ अशी नावे देण्यात आली. भास्कराचार्यांच्या जन्माला ९०० वर्षे झाली त्या निमित्ताने मुलुंडलगतच्या ठाणे शहरात विद्या प्रसारक मंडळाने सप्टेंबर २०१४ मध्ये आंतरराष्ट्रीय परिषद भरवली. तिच्यातील निबंध २०१९ साली भास्करप्रभा या ग्रंथात संकलित झाले.